चिकू कुठे गेला

मे महिन्यातली दुपार, साडेचारची वेळ. या वेळेला नर्सरीत कुणी येत नाही. हिरव्या जाळीखालीही वाफ दाटलेली असते, पिशव्यांमधली माती वरून पांढरी पडलेली असते, आणि आम्ही नुकतंच दुसरं पाणी सुरू केलेलं असतं. रिक्षा थांबली, त्यातून एक काकू उतरल्या. सुती नऊवारी, अठ्ठ्याहत्तर-ऐंशीचं वय, हातात स्टीलचा डबा. गुलाब बघायला वळल्या नाहीत की भाव विचारला नाही. सरळ माझ्या टेबलापाशी आल्या, डबा उघडून समोर ठेवला आणि म्हणाल्या, "खाऊन बघ." डब्यात पिवळ्याजर्द रायणी होत्या, लांबट बोराएवढ्या, देठाशी अजून चीक असलेल्या. मी एक तोंडात टाकली. आधी गोड, मग थोडी तुरट, आणि ओठाला ओठ चिकटतो तो चिकटपणा. बडोद्यात वाढलेल्या कुणालाही डोळे मिटून ओळखू येईल असं ते फळ. मी म्हटलं, "छान आहेत काकू. घरच्या?" त्यांनी पिशवीतून रुमालात बांधलेली एक पत्र्याची पट्टी काढली, बोटभर रुंद, गंजून तपकिरी झालेली, एका टोकाला तारेचं भोक. त्यावर खिळ्याने कोरलेलं होतं, चिकू काळीपत्ती, आणि खाली ९३.

"तुझ्या वडिलांनी दिला होता. अक्षरही त्यांचंच आहे," काकू म्हणाल्या. "रायण आली हे मला पहिल्या फळालाच कळलं होतं रे. भांडायला नाही आले मी. एवढंच विचारायचं होतं, चिकू कुठे गेला?"

मी त्यांना जे सांगितलं ते सगळं खरं होतं. चिकूचं बी लावलं तर झाड येतं, पण ते फळाला फार वर्षं लावतं आणि फळ कसं निघेल त्याचा भरवसा नसतो. म्हणून आम्ही चिकूचं कलम रायणीवर करतो. खाली मूळ रायणीचं, त्याला खुंट म्हणतात, वर फांदी चिकूची. देशावर रायणीला खिरणी म्हणतात, पण गुजरातेत ती रायण, आणि पावागढपासून छोटाउदेपूरपर्यंतच्या रानात ती आपोआप वाढते. मूळ खोल जातं, उन्हाळा सोसते, शे-सव्वाशे वर्षं उभी राहते. वरचा चिकू काही कारणाने मेला, म्हणजे बकरीने खाल्ला, उन्हाने जळला किंवा सांध्याशी आवळला गेला, तर खालची रायण मरत नाही. सांध्याच्या खालून तिला फुटवा येतो. पानं दुरून सारखीच दिसतात, हिरवीगार आणि चकचकीत. जवळ जाऊन पाहिलं तर चिकूच्या पानाला टोक असतं, आणि रायणीच्या पानाचं टोक बोटाने आत दाबल्यासारखं असतं. पण कोवळ्या रोपाकडे इतकं वाकून कोण बघतं? घरचे म्हणतात, अरे वा, पुन्हा फुटला, आणि हौसेने पाणी घालतात.

काकूंनी सगळं ऐकून घेतलं. "म्हणजे तो पहिल्याच वर्षी गेला," त्या म्हणाल्या. "आमचे हे शेवटपर्यंत म्हणायचे, अजून जून झालं नाही झाड, फळ सुधारेल." मग डबा माझ्याकडेच ठेवून, पट्टी तेवढी परत रुमालात बांधून त्या रिक्षात बसल्या. जाताना पत्ता सांगितला, वाडीतलं जुनं घर, मागे अंगण.

एक गोष्ट मी त्यांना सांगितली नाही. पट्टीवरचं अक्षर अण्णांचं नव्हतं. ते माझं होतं.

अण्णा पत्र्यावर कधीच शिरोरेखा द्यायचे नाहीत. त्यांचं शिक्षण चौथीनंतर गुजराती शाळेत झालं. घरात मराठी, गिऱ्हाइकाशी गुजराती आणि मजुरांशी तिसरीच काही भाषा, असं त्यांचं आयुष्य गेलं. हिशेबाच्या वहीतही त्यांची मराठी अक्षरं डोक्यावर छप्पर नसल्यासारखी उघडी असायची. पत्र्याच्या बाबतीत आणखी एक कारण ते सांगायचे, की खिळ्याने आडवी रेघ ओढली की पत्रा तिथे कातरतो आणि दोन पावसाळ्यांत वरची अर्धी पट्टी गळून पडते. मी मात्र मराठी शाळेत शिकलेला. रेघ न ओढता शब्द सोडला की मला अक्षर नागडं वाटायचं, म्हणून मी रेघ ओढायचोच. काकूंच्या पट्टीवर ती रेघ होती, सरळ, जरा जास्तच जोर देऊन ओढलेली. १९९३ साली मी बावीस वर्षांचा होतो. शिक्षण संपून वर्ष झालं होतं, नोकरी लागत नव्हती, आणि सायकलच्या कॅरिअरला रोपं बांधून घरोघरी पोचवणं हे माझं काम होतं. ते मी कसं करायचो ते मला चांगलं आठवतं. मान खाली घालून, कॉलेजचं कुणी ओळखीचं भेटू नये म्हणून गल्लीबोळांतून जायचं, खड्डा खणायचा, रोप लावायचं, पैसे घ्यायचे आणि निघायचं.

पट्ट्यांची ही पद्धत आमच्या घरात पणजोबांपासून आहे. ते साताऱ्याकडून आले आणि कामाटीबागेत माळी म्हणून लागले. सयाजीराव महाराजांनी १८७९ साली विश्वामित्रीच्या काठी ही बाग उभी केली. तिचं नाव सयाजीबाग, पण घरात अजून कुणी तसं म्हणत नाही. पुढे लंडनच्या क्यू बागेत काम केलेला क्रुंबिगेल नावाचा जर्मन माणूस बडोद्याच्या बागा सांभाळायला आला. १९०८ साली तो म्हैसूर संस्थानात गेला आणि बंगळूरच्या लालबागेशी त्याचं नाव कायमचं जोडलं गेलं. त्या काळातल्या साहेबांची एक शिस्त पणजोबांच्या हाडांत मुरली होती. झाड लावलं की त्याच्या नावाची पट्टी लागलीच पाहिजे, आणि पट्टीवर तेच लिहायचं जे आपल्याला पक्कं माहीत आहे. आजोबांनी स्वतःची नर्सरी काढली तेव्हा भांडवल म्हणून घरातून आणलेल्या वस्तू तीनच होत्या, असं अण्णा सांगायचे. कलमाचा चाकू, पत्रा कापायची कात्री आणि खिळा. यातला चाकू अजून माझ्याकडे आहे. पातं झिजून पानासारखं अरुंद झालंय, पण पोलाद असं आहे की आजही त्याने कापलेल्या जागी साल दबत नाही.

चिकूचं भेट कलम ज्याने बघितलंय त्याला त्यातला वेळ कळेल. आधी रायणीचं बी आणायचं. ते उगवलं की रोप पहिल्या वर्षी वीतभरसुद्धा होत नाही. दोन वर्षं, कधी तीन वर्षं सांभाळून ते पेन्सिलीएवढं जाड होतं. मग चिकूच्या जुन्या, खात्रीच्या झाडाखाली बांबूचा मांडव घालायचा. रायणीच्या कुंड्या त्यावर चढवायच्या, प्रत्येक कुंडी एकेका फांदीच्या उंचीला. दोघांची साल एकाच लांबीची, चार बोटं, काढायची. चीक बाहेर येतो, तो पुसत राहायचा, चाकू रॉकेलच्या फडक्याने साफ करत राहायचा. दोन जखमा एकमेकींना लावायच्या आणि बांधायच्या. यात घाईला जागा नाही. तीन-साडेतीन महिने ती फांदी दोन मुळांवर जगते, आईच्या आणि रायणीच्या. मग आईकडच्या बाजूने अर्धा काप द्यायचा, पंधरा दिवस थांबायचं, आणि नंतर पूर्ण तोडायचं. अण्णा हा शेवटचा काप नेहमी सकाळी, काही न बोलता द्यायचे. तोडलेलं कलम मांडवावरून उतरवून सावलीत ठेवलं की आठवडाभर रोज दोन वेळा त्याच्याजवळ जाऊन पानं बघायचे. मी लहान असताना त्यांच्या मागे मागे फिरायचो आणि माझी समजूत अशी, की झाडाला ताप आलाय आणि अण्णा नाडी बघतायत.

यानंतर गिऱ्हाइकाला रोप देताना दोन वाक्यं बोलायची असतात. सांध्याच्या वर फुटेल ते तुमचं, खाली फुटेल ते लगेच काढा. आणि सांध्याभोवती बांधलेली पट्टी चार महिन्यांनी सोडा, नाहीतर ती रुतेल. ही दोन वाक्यं अण्णा गुजरातीत, मराठीत, हिंदीत, समोरच्याला झोप येईपर्यंत सांगायचे. विकलेल्या प्रत्येक कलमामागे सांगायचे. एकदा एका गिऱ्हाइकाने वैतागून म्हटलं, "काका, समजी गयो." अण्णांनी पैसे हातात धरूनच तिसऱ्यांदा सांगितलं.

वाडीतल्या त्या घरात मी ती दोन वाक्यं बोललो का?

हा प्रश्न घेऊन मी मे महिन्याचे उरलेले दिवस काढले. आठवायचा प्रयत्न केला, घराचा दरवाजा, अंगण, काकू तेव्हा कशा दिसत असतील. काही आठवलं नाही. आठवलं ते एवढंच, की त्या वर्षी मी कुणालाच ती वाक्यं सांगायचो नाही. मला ती लाजिरवाणी वाटायची. आपण बी. एस्सी. झालेलो, आणि उंबऱ्यात उभं राहून लोकांना फुटवे काढायला सांगायचं. अण्णांनी विचारलं की मी "सांगितलं" म्हणायचो.

आमचा धंदा असा आहे की देतो त्या दिवशी त्याची पारख होत नाही. कापड घेताना बोटांत चुरगाळून बघता येतं, सोनं कसाला लावता येतं. आंब्याचं कलम घेणारा माणूस हातात काय घेऊन जातो? दोन फूट काडी, दहा-बारा पानं आणि एक शब्द. "भाई, आ केसर ज छे ने?" असं तो विचारतो, मी हो म्हणतो, आणि त्या हो वर तो जमिनीतला एक तुकडा पुढच्या पन्नास वर्षांसाठी देऊन टाकतो. केसर निघाला की नाही हे चार-पाच वर्षांनी कळणार. तोपर्यंत त्याने घर बदललेलं असतं, किंवा पावती हरवलेली असते, किंवा सांगणारा वारलेला असतो. खोटं बोलून या धंद्यात आयुष्य सहज काढता येतं आणि काही जण काढतात. म्हणूनच अण्णा मातृवृक्षाची एवढी काळजी घ्यायचे. ज्या झाडाचं फळ आपण स्वतः निदान तीन हंगाम खाल्लेलं नाही, त्याची काडी घ्यायची नाही, हा त्यांचा नियम होता.

तो नियम मी पाळला, पण बाकी बरंच सोडलं. त्यातलं कोनोकार्पस या झाडाचं प्रकरण मला टाळून चालणार नाही. अण्णा २०११ साली गेले, आणि त्यानंतरच्या दहा वर्षांत आमच्या निम्म्या जागेवर कोनोकार्पस होता. त्याची फांदी कापून मातीत खोचली की मुळं धरते, सहा महिन्यांत विकायला तयार. नव्या सोसायट्यांना, कारखान्यांना, रस्त्याच्या दुभाजकांना हिरवी भिंत हवी होती आणि ती लगेच हवी होती. ऑर्डर शेकड्याने नाही, हजाराने यायची. मुलीचं शिक्षण त्या झाडावर झालं, जाळीचं शेड त्यावर उभं राहिलं, बोअर त्यावर खणली. त्यावर पक्षी बसत नाहीत असं म्हातारे कामगार म्हणायचे, मी ऐकून सोडून द्यायचो. हिवाळ्यात त्याच्या बारीक फुलांचे गुच्छ हलले की परागाची धूळ उडायची आणि आमच्याकडच्या दोन बायका दिवसभर शिंकायच्या, तेही बघून सोडलं. सप्टेंबर २०२३ मध्ये गुजरात सरकारने त्याच्या लागवडीवर बंदी आणली. कारणं तीच दिली, परागामुळे सर्दी-खोकला-दमा, आणि मुळं केबलमध्ये, गटारात, पाण्याच्या नळांत शिरतात. माझ्याकडे तेव्हा साडेतीन हजार पिशव्या तयार होत्या. त्या उपटायला चार दिवस लागले. हिरवीगार, निरोगी, नव्या पालवीची रोपं होती ती. आपण चुकीचं झाड वाढवलं हे कळत होतं, आणि तरी मुळासकट उपटताना प्रत्येक वेळी हातात तोच हिसका बसत होता. झाडाला बंदीचं काय माहीत. पण त्याहून जास्त आठवतं ते असं, की त्या दहा वर्षांत मी रायणीचा एकही वाफा घातला नाही. तीन वर्षं नुसती खुंटाची वाट बघायची, त्यापेक्षा तयार कलमं बाहेरून आणून विकणं सोपं होतं.

पुढच्याच वर्षी, ऑगस्ट २०२४ मध्ये, पूर आला. विश्वामित्री ३५ फुटांच्या वर चढली होती, आणि शहरात काय झालं ते बडोदेकरांना मी नव्याने सांगायला नको. आमची जागा नदीला मिळणाऱ्या एका नाल्याच्या कडेला आहे. तीन दिवसांनी आत जाता आलं तेव्हा पाणी ओसरलं होतं आणि सगळीकडे गाळ होता, चहाच्या रंगाचा, गुडघाभर, वासाचा. कुंपणाच्या जाळीला पिशव्या मण्यांसारख्या अडकल्या होत्या. मगर असेल म्हणून आम्ही आधी काठ्या आपटत आवाज केला. गुलाब सगळे गेले, शेवंतीची रोपं गेली. आंब्याची कलमं मात्र बरीच वाचली, चारशेच्या आसपास, पण वाहून, फिरून, एकमेकांत मिसळून. पत्र्याच्या पट्ट्या मी बंद करून बरीच वर्षं झाली होती. पेनाने लिहिलेली प्लास्टिकची लेबलं असायची. ती कोरी झाली होती.

चारशे कलमं होती आणि एकाचंही नाव नव्हतं. पान चुरगाळून वास घेतला तर बराच अंदाज येतो. राजापुरीचं पान मोठं, कोवळी पालवी कुणाची तांबूस तर कुणाची पोपटी, तेही बघितलं. छोटाउदेपूरकडचे आमचे एक मामा तीस वर्षं इथे आहेत. ते आणि मी दोन दिवस बसलो आणि पान घासून, हुंगून ढीग लावत गेलो. खात्रीची अशी थोडीच निघाली. बाकीची मी "आंबो, जात नक्की नथी" असं सांगून निम्म्या भावात काढायला ठेवली. लोक हातात घ्यायचे, ऐकायचे आणि खाली ठेवायचे. नाव नसलेलं झाड कुणाला नको असतं. बोअरची मोटर जळालेली, पगार थकलेले, आणि दिवाळी आलेली. तेव्हा साठ-एक कलमं मी केसर म्हणून दिली. त्यातली बहुतेक केसरच असणार. वास तोच होता, मामाही तेच म्हणत होते. पण ती कुठल्या काडीची आहेत हे मला पक्कं माहीत नव्हतं, आणि "केसर ज छे ने?" याला मी हो म्हटलं. ती झाडं आता साठ अंगणांत उभी आहेत. २०२९-३० च्या सुमाराला त्यांना फळं लागतील. त्यातलं एखादं कुणीतरी डब्यात घालून माझ्याकडे आणेल का, की मी नसेन आणि माझी मुलगी टेबलाशी असेल?

जूनच्या पहिल्या आठवड्यात, पाऊस यायच्या आधी, मी वाडीत गेलो. घर शोधायला वेळ लागला नाही. रायण अंगणाच्या कोपऱ्यात आहे, दीड मजला उंच, खाली पूर्ण सावली. खोडाशी बसून मी बराच वेळ बघितलं. सांधा, कापल्याची खूण, काहीच शिल्लक नाही. बत्तीस वर्षांत सालीने सगळं गिळलंय. फक्त गुडघ्याच्या उंचीवर एक आडवी घडी आहे, तार बांधलेली होती तिथे. काकू पायरीवर बसल्या होत्या. शेजारी सुपात रायणी वाळत घातलेल्या, गुजराती लोक जिची कोकडी करतात ती. "यांना पहाटे उठून खाली पडलेल्या वेचायची सवय होती," काकू म्हणाल्या. "चिकू आला नाही, चिकू आला नाही, असं म्हणत म्हणत मूठभर तोंडात टाकायचे." शेजारी जैन कुटुंब आहे. पालीताण्याला आदिनाथांच्या जागी रायण आहे म्हणून त्यांच्या आजी सणाच्या दिवशी या झाडापाशी येऊन हात जोडतात, हेही त्यांनी सांगितलं.

मग मी सांगितलं. काकू, ते अक्षर अण्णांचं नाही, माझं आहे. झाड मीच लावून गेलो होतो. खालचे फुटवे काढायचे असतात आणि सांध्याची पट्टी सोडायची असते हे सांगायचं माझं काम होतं, ते मी बहुतेक केलं नाही.

त्या थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. सुपातली एक रायण उलटी केली, मग दुसरी. "मग दर उन्हाळ्यात एकदा तरी यायचंस," त्या म्हणाल्या. रागाने म्हणाल्या की नुसतंच, मला अजून ठरवता आलेलं नाही. मी विचारलं, यावर एका फांदीला चिकूची काडी बांधून बघू का? मोठ्या झाडावर अवघड आहे, पण प्रयत्न करता येईल. त्यांनी मान हलवली. "राहू दे. आता चिकू आला तर मी यांना काय सांगू?" निघताना त्यांनी पट्टी माझ्या हातात दिली. नको म्हटलं तरी दिली.

डब्यातल्या रायणीच्या बिया मी त्याच संध्याकाळी, मे महिन्यात, धुऊन ठेवल्या होत्या. काळ्या, गुळगुळीत, तेल लावल्यासारख्या. एकशे बारा. शेडच्या मागे, जिथे कोनोकार्पसच्या रांगा होत्या, तिथे नवा वाफा केला. पुराचा गाळ तिथे अजून आहे आणि ती माती चांगली निघाली. त्यात वाळू आणि शेणखत मिसळलं. मामांनी बिया रात्रभर पाण्यात भिजवून बोटाने एकेक दाबल्या. आता आषाढ संपत आलाय. पावसाची उघडीप झाली की मी रोज सकाळी जाऊन मोजतो. काल अडतीस वर आल्या होत्या, आज एक्केचाळीस. दोन-दोन पानं, इतकी लहान की गवत काढणाऱ्या बाईला मला दोनदा ओरडावं लागलं. पेन्सिलीएवढी व्हायला २०२८ उजाडेल. काळीपत्तीचं आमचं जुनं झाड पुरातून वाचलंय, त्याच्याखाली मांडवाचे खड्डे अजून दिसतात.

परवा पत्रा आणला. कात्री गंजली होती, तिला तेल दिलं. मुलगी विचारत होती, "बाबा, प्रिंटर आहे की, स्टिकर काढून देते." मी म्हटलं, पुढच्या वेळी. खिळा घेऊन बसलो, आणि वाफ्यावर काय लिहायचं याचा विचार करत राहिलो. चिकूचा खुंट असं लिहिता आलं असतं, पण त्यावर चिकू बांधला जाईल की नाही हे आज कुणाला माहीत? शेवटी लिहिलं, रायण, वाडीतली, ज्येष्ठ. आणि वरून आडवी रेघ ओढली, पूर्ण, पत्रा कातरला तरी.